दोन खासदारांत विभागलेली उद्योगनगरी

२०११ च्या जनगणनेनुसार पिंपरी-चिंचवड महानगरपालिकेच्या हद्दीत १७ लाखांहून अधिक लोक राहत होते, तरीही लोकसभेत या शहराच्या नावाचा मतदारसंघ नाही. शहरातील पिंपरी आणि चिंचवड हे विधानसभा मतदारसंघ मावळ लोकसभा मतदारसंघात मोडतात, भोसरी शिरूरमध्ये जातो, आणि शहरालगतची चाकणची औद्योगिक वसाहतही खेड-आळंदी विधानसभा मतदारसंघाच्या मार्गाने शिरूरलाच जोडलेली आहे.

या विभागणीचे मूळ मतदारसंघ पुनर्रचनेत, म्हणजे लोकसंख्येच्या आधारे सीमा नव्याने आखण्याच्या प्रक्रियेत सापडते. त्यापूर्वी शहराचा बराचसा भाग हवेली विधानसभा मतदारसंघातून बारामतीला जोडलेला होता. न्यायमूर्ती कुलदीप सिंग यांच्या पुनर्रचना आयोगाने २००१ ची जनगणना प्रमाण मानली. तेव्हा राज्याची लोकसंख्या सुमारे ९ कोटी ६९ लाख आणि लोकसभेच्या जागा ४८ असल्याने एका जागेमागे सरासरी २० लाख लोक येत होते, तर पिंपरी-चिंचवडची वस्ती १० लाखांच्या आसपास होती. राज्यातील प्रत्येक लोकसभा मतदारसंघात सहा विधानसभा मतदारसंघ असतात आणि शहराच्या वाट्याला तीन आले, म्हणजे हिशेबाने अर्धी जागा. ती अर्धी जागाही अखंड राहिली नाही, ही खरी अडचण आहे.

२००९ साली अस्तित्वात आलेला मावळ मतदारसंघ सह्याद्रीच्या दोन्ही अंगांना पसरलेला असून त्यात रायगड जिल्ह्यातील पनवेल, कर्जत आणि उरण यांचाही समावेश होतो. गजानन बाबर हे त्याचे पहिले खासदार. २०१४ पासून श्रीरंग बारणे सलग तीनदा निवडून आले. शिरूरमध्ये शिवाजीराव आढळराव पाटील यांच्यानंतर २०१९ आणि २०२४ मध्ये अमोल कोल्हे विजयी झाले. उरणच्या बंदरग्रस्तांचे प्रश्न आणि चिंचवडच्या कामगारांचे प्रश्न एकाच खासदाराने मांडायचे, तर जुन्नरच्या शेतकऱ्याची आणि भोसरीच्या लघुउद्योजकाची बाजू दुसऱ्याने, अशी ही वाटणी आहे.

तिचा परिणाम रस्त्यावर उतरल्यास स्पष्ट दिसतो. तळेगाव-चाकण-शिक्रापूर हा राष्ट्रीय महामार्ग तळेगाव, इंदोरीपर्यंत मावळच्या खासदाराच्या क्षेत्रात असतो आणि पुढे महाळुंगे, चाकणकडे वळताच शिरूरच्या क्षेत्रात शिरतो. कंटेनरच्या रांगा मात्र ही सीमा ओळखत नाहीत. पुणे-लोणावळा लोकल, महामार्ग, देहूरोड परिसरातील संरक्षण खात्याचा रेड झोन (बांधकामावर निर्बंध असलेला पट्टा) हे सारे केंद्राच्या अखत्यारीतले विषय असल्याने त्यांचा पाठपुरावा संसदेतच व्हावा लागतो, आणि तिथे या पट्ट्याचा आवाज एकमुखी असणे अगत्याचे आहे.

आणखी एक बाजू सहसा दुर्लक्षित राहते. जागांची वाटणी मतदारांच्या नव्हे, तर लोकसंख्येच्या आधारे होते. मराठवाडा-विदर्भातून आलेला कंत्राटी कामगार चाकणच्या भाड्याच्या खोलीत राहत असल्यास जनगणनेत तो तिथे मोजला जातो. त्याचे नाव मात्र गावाकडच्या मतदारयादीतच राहिले, तर इथल्या खासदाराच्या निवडीत त्याचा सहभाग नसतो.

घटनेच्या ८४ व्या दुरुस्तीने लोकसभेतील राज्यनिहाय जागावाटप २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत गोठवले; पुढील पुनर्रचनेची संधी त्यानंतरची आहे. मागील वेळी आयोगाने आपला मसुदा प्रसिद्ध करून हरकती मागवल्या आणि जाहीर सुनावण्या घेतल्या होत्या; अंतिम आदेशाला मात्र कायद्याचे बळ असते आणि घटनेच्या ३२९ व्या अनुच्छेदाने मतदारसंघांच्या सीमांविषयीचे वाद न्यायालयाच्या कक्षेबाहेर ठेवले आहेत. त्यामुळे भोसरी, पिंपरी, चिंचवड आणि चाकण यांना एका मतदारसंघात आणण्याची मागणी कामगार संघटना, उद्योजक आणि नागरिक यांनी मसुद्याच्या टप्प्यावरच, लोकसंख्येच्या आकड्यांसह मांडायला हवी.