कर्वे, बाळ

कर्वे, बाळ : (२५ ऑगस्ट १९३०–२८ ऑगस्ट २०२५). मराठी रंगभूमी, चित्रपट व दूरचित्रवाणी यांवरील चरित्र-अभिनेते. मुंबई दूरदर्शनच्या चिमणराव या विनोदी मालिकेतील गुंड्याभाऊच्या भूमिकेमुळे विशेष प्रसिद्ध. पूर्ण नाव बाळकृष्ण. जन्म पुणे येथे. व्यवसायाने ते अभियंता होते. मुंबई महानगरपालिकेत त्यांनी सु. ३२ वर्षे नोकरी केली आणि ती सांभाळूनच अभिनयाची आवड जोपासली. विजया मेहता यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी रंगभूमीवर काम केले. सुमंत वरणगावकर यांच्या सहकार्याने विलेपार्ले येथे किलबिल बालरंगमंच ही संस्था स्थापन करून त्यांनी बालनाट्याच्या क्षेत्रातही कार्य केले.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. प्रारंभीच्या काळात केंद्राचे बरेचसे कलावंत हौशी व प्रायोगिक रंगभूमीवरून आलेले होते. १९७० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धात चिं. वि. जोशी (१८९२–१९६३) यांच्या कथांवर आधारलेली चिमणराव ही मालिका या केंद्रावरून प्रक्षेपित झाली. तीत दिलीप प्रभावळकर यांनी चिमणरावाची, तर कर्वे यांनी गुंड्याभाऊची भूमिका केली. पुढे विनय धुमाळे यांनी दिग्दर्शित केलेल्या चिमणराव गुंड्याभाऊ (१९७९) या चित्रपटातही हीच जोडी होती. त्यापूर्वी मास्टर विनायक यांच्या लग्न पहावं करून (१९४०) या चित्रपटात दामुअण्णा मालवणकर व विष्णुपंत जोग यांनी या व्यक्तिरेखा रंगविल्या होत्या. त्यामुळे कर्वे यांच्यापुढे वाचकांच्या कल्पनेतील गुंड्याभाऊ जसा होता, तसाच जुन्या प्रेक्षकांच्या स्मरणातीलही होता.

जोशी यांच्या मूळ कथांचा निवेदक चिमणराव हाच आहे. गुंड्याभाऊ वाचकाला दिसतो, तो चिमणरावाच्या लेखणीतून. पडद्यावर मात्र निवेदकाचा आधार सुटतो. तेथे गुंड्याभाऊला स्वतःच्या देहाने, आवाजाने व वावराने उभे राहावे लागते. चिमणराव भिडस्त, भित्रा व किरकोळ अंगाचा. गुंड्याभाऊ दणकट, बेधडक व मोठ्या आवाजाचा. या विरोधावरच त्या विनोदाची उभारणी झालेली आहे. लॉरेल व हार्डी यांच्या चित्रपटांतही हेच तत्त्व आढळते. अशा जोडीत दुय्यम पात्र स्वतः हशा मागू लागले, तर मुख्य पात्राची फजिती फिकी पडते. ते निष्प्रभ राहिले, तर विरोधच उरत नाही. गुंड्याभाऊचा आत्मविश्वास जितका खरा वाटेल, तितकी चिमणरावाची धांदल हास्यकारक ठरते. दूरचित्रवाणीच्या लहान पडद्यावर चेहरा जवळून दिसत असल्याने रंगमंचावरील ठळक हावभाव तेथे आवरते घ्यावे लागतात. भरदार देहयष्टी असूनही कर्वे यांनी हा तोल सांभाळला.

सुरुवातीचे दूरदर्शन प्रक्षेपण मुख्यतः मुंबई-पुणे परिसरापुरते मर्यादित होते. बुलढाणा जिल्ह्यातील दुसरबीडसारख्या वऱ्हाडातील गावांना हा गुंड्याभाऊ त्या काळी घरबसल्या पाहता येणे शक्य नव्हते. तेथील वाचकाला जोशी यांची पुस्तके किंवा पुढे आलेला चित्रपट हाच मार्ग होता. शिवाय त्या काळी ध्वनिचित्रफिती महाग असत आणि जुने मुद्रण पुसून त्याच फिती पुन्हा वापरण्याची प्रथा जगातील अनेक दूरचित्रवाणी संस्थांत होती. लेखकाचा विनोद ग्रंथात टिकतो. नटाचा विनोद मात्र फीत पुसली की केवळ प्रेक्षकांच्या आठवणीत उरतो. मुख्य नटाचे नाव इतर कामांमुळेही स्मरणात राहते. सहायक विनोदी नटाला बहुधा एकाच भूमिकेच्या नावाने ओळखले जाते. कर्वे यांच्या बाबतीत हेच घडले. त्यांची ओळख अखेरपर्यंत गुंड्याभाऊ हीच राहिली.

वस्तुतः त्यांच्या कामाचा आवाका यापेक्षा मोठा होता. रथचक्र, कुसुम मनोहर लेले इ. नाटकांत, जब्बार पटेल यांच्या जैत रे जैत (१९७७) व श्रावणी देवधर यांच्या लपंडाव (१९९३) या चित्रपटांत त्यांनी भूमिका केल्या. खाजगी वाहिन्यांच्या काळात प्रपंच, उंच माझा झोका यांसारख्या मालिकांतून ते वडीलधाऱ्या माणसांच्या भूमिकांत दिसले. एकवाहिनी दूरदर्शनपासून अनेक वाहिन्यांच्या युगापर्यंत मराठी दूरचित्रवाणीची जी वाटचाल झाली, तिचे ते प्रारंभापासूनचे साक्षीदार होते. पंचाण्णवावा वाढदिवस झाल्यानंतर तीनच दिवसांनी मुंबई येथे त्यांचे निधन झाले.