आईचं ऑस्कर १९९९मध्ये हुकलं, लेकीचं २०२५मध्ये. कोण ही फर्नांदा मॉन्तेनेग्रो?

मार्च २०२५. ब्राझीलमध्ये कार्निव्हल ऐन रंगात आणि त्याच रात्री ऑस्कर सोहळा. 'आय ॲम स्टिल हिअर'ला आंतरराष्ट्रीय चित्रपटाचं ऑस्कर मिळालं, या गटात ब्राझीलला पहिल्यांदाच. नायिका फर्नांदा तोर्रेसचं अभिनेत्रीचं ऑस्कर मात्र हुकलं. १९९९मध्ये तिच्या आईच्या बाबतीतही हेच झालं होतं. ही आई म्हणजे फर्नांदा मॉन्तेनेग्रो.

खरं नाव आर्लेट. जन्म १६ ऑक्टोबर १९२९, रिओ दि जानेरोच्या उपनगरात, साध्या कामगार घरात. शाळकरी वयातच रेडिओवर आवाज देण्याचं काम मिळालं. परदेशी लोकांना पोर्तुगीज शिकवूनही तिने चार पैसे जोडले. (आपल्या गोव्यात जुन्या घरांतून ऐकू येते तीच पोर्तुगीज, फक्त ब्राझीलवाल्यांचा हेल वेगळा.) 'फर्नांदा मॉन्तेनेग्रो' हे नाव तिने स्वतःच घेतलं. त्यातलं मॉन्तेनेग्रो हे घरच्यांच्या ओळखीतल्या एका डॉक्टरचं आडनाव.

१९५१च्या सुमारास ती रिओच्या टीव्ही तुपीत दाखल झाली. ब्राझीलमध्ये टीव्ही येऊन तेव्हा जेमतेम वर्ष झालं होतं. नाटकं थेट प्रक्षेपित व्हायची. वाक्य विसरलं तर सावरायचं आपलं आपणच. १९५९मध्ये तिने नवरा फर्नांदो तोर्रेस आणि इतर सहकाऱ्यांसोबत 'तेआत्रो दोस सेते' ही नाट्यसंस्था काढली. सिनेमा त्यामानाने उशिरा आला, १९६५च्या 'आ फालेसिदा'पासून.

घराघरांत तिला नेलं ते मात्र 'नोव्हेला'ने. नोव्हेला म्हणजे आठवड्याचे सहा दिवस चालणारी, पण काही महिन्यांत संपणारी मालिका. आपल्याकडच्या मालिकांनी हे शेवटचं तेवढं घ्यायला हरकत नव्हती! १९८३च्या 'गेर्रा दोस सेक्सोस'मध्ये ती आणि पावलो आउत्रान न्याहारीच्या टेबलावर एकमेकांच्या अंगावर खाणं फेकतात. तो प्रसंग तिथे आजही लोक काढून बघतात. १९८५मध्ये देशात लष्करी राजवट संपून नागरी सरकार आलं, तेव्हा राष्ट्राध्यक्ष सार्नेय यांनी तिला सांस्कृतिक मंत्रिपद देऊ केलं. तिने नाही म्हटलं आणि रंगभूमीवरच राहिली.

मग आला १९९८चा 'सेंट्रल दो ब्राझील', दिग्दर्शक वॉल्टर सॅलेस. रिओच्या मुख्य रेल्वे स्टेशनवर टेबल मांडून निरक्षर लोकांची पत्रं लिहून देणारी निवृत्त शिक्षिका दोरा. पैसे घेते, पण बरीचशी पत्रं टपालात टाकतच नाही. पत्र लिहून घ्यायला आलेली एक बाई अपघातात जाते आणि तिचा पोरगा दोराच्या गळ्यात पडतो. आधी त्याला चक्क विकून मोकळी होणारी ही बाई पुढे त्याच्या बापाच्या शोधात बसने देश पालथा घालते. मॉन्तेनेग्रो दोराला कुठेही गोड करत नाही, म्हणूनच ती खरी वाटते. पोराचं काम करणारा व्हिनिसियस दि ओलिव्हेरा हा बूटपॉलिश करणारा मुलगा सॅलेसना विमानतळावर भेटला होता.

या भूमिकेसाठी तिला बर्लिनमध्ये रौप्य अस्वल मिळालं. अभिनेत्रीच्या ऑस्कर नामांकनापर्यंत पोचलेली ती पहिली ब्राझिलियन. पुरस्कार ग्विनेथ पॅल्ट्रोला गेला आणि तो सल ब्राझीलच्या मनात घर करून राहिला. पुढे २०१३मध्ये 'दोसे दे माय'साठी आंतरराष्ट्रीय एमी आणि २०२१मध्ये ब्राझीलच्या साहित्य अकादमीचं सदस्यत्व तिच्याकडे आलं.

जानेवारी २०२५मध्ये लेकीला गोल्डन ग्लोब मिळालं, तेव्हा तिने तो पुरस्कार आईलाच अर्पण केला. 'आय ॲम स्टिल हिअर'ही सॅलेसचाच. १९७१मध्ये लष्करी राजवटीने उचलून नेलेले माजी खासदार रुबेन्स पाइव्हा आणि मागे पाच मुलांना वाढवणारी त्यांची पत्नी युनिस यांची ही खरी गोष्ट. बहुतेक चित्रपटभर युनिस आहे तोर्रेस. शेवटी, अल्झायमरने सगळं विसरलेली म्हातारी युनिस मात्र मॉन्तेनेग्रो, वय नव्वदीपार. तिच्या वाट्याला एकही वाक्य नाही. समोरच्या टीव्हीवर राजवटीच्या बळींची बातमी चालू असते, त्यात नवऱ्याचा फोटो येतो आणि तिचे डोळे क्षणभर जागे होतात.