उल्हास खोऱ्यांतील भाषा

महाराष्ट्रांत मराठी बोलली जाते, हें विधान इतकें सरळ आहे कीं त्याविषयीं सहसा कोणी शंका घेत नाहीं. परंतु कल्याणहून कर्जतकडे जाणाऱ्या लोहमार्गावर उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या तीन गांवांच्या आसपास जो कोणी कान देऊन हिंडेल, त्याला हें विधान अपुरें वाटूं लागेल. उल्हासनगरच्या बाजारपेठेंत सिंधीचा व्यवहार चालतो. अंबरनाथच्या भोंवतालच्या जुन्या गांवांत आगरी कानीं पडते. बदलापूरच्या एका अंगास बारवी धरणाचा परिसर आहे, दुसऱ्या अंगास चंदेरी-माथेरानची डोंगररांग आहे. या दोहोंकडील ठाकरवाड्यांत व कातकरवाड्यांत घरांतलीं माणसें एकमेकांशीं बोलूं लागलीं म्हणजे शहरी पाहुण्यास निम्मेंच समजतें. भारतासारख्या खंडप्राय देशाचें भाषावैविध्य पाहण्यासाठीं नागभूमीच्या टेकड्यांपर्यंत जाण्याचें कारण नाहीं. तें या तीन स्थानकांच्या परिसरांतहि दिसतें. मात्र तें भाषावैविध्य म्हणून ओळखलें जात नाहीं, इतकेंच.

अंबरनाथचें शिवमंदिर सर्वांच्या परिचयाचें आहे. तेथील शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे इसवी सन १०६० चा असून तो शिलाहार राजा मुम्मुणि याच्या कारकीर्दींतील आहे. त्याची भाषा संस्कृत आहे. ज्या पाथरवटांनीं तें मंदिर घडविलें, ज्या गडीमाणसांनीं दगड वाहिले, तीं आपापसांत कोणत्या भाषेंत बोलत होतीं, हें त्या लेखावरून कळण्यास मार्ग नाहीं. हा प्रकार सर्व देशांत व सर्व काळीं घडत आला आहे. दगडावर, ताम्रपटावर आणि पुढें कागदावर ज्या भाषा चढल्या त्यांचा इतिहास लिहितां आला. ज्या केवळ तोंडांत राहिल्या त्या बोलणाऱ्यांबरोबर बदलल्या, किंवा संपल्या.

या तोंडच्या भाषांकडे शिकलेला मनुष्य बहुधा एकाच दृष्टीनें पाहतो. त्या त्याला अशुद्ध वाटतात. आगरी बोलणारा मनुष्य पाण्याला 'पानी' म्हणतो, डोळ्याला 'डोला' म्हणतो, घोड्याला 'घोरा' म्हणतो आणि वीस मोजतांना 'ईस' म्हणतो. शाळेंत तयार झालेल्या कानाला या चारहि शब्दांत चुका ऐकूं येतात. वास्तविक येथें नियम काम करीत आहेत. 'ण'च्या जागीं 'न' आणि 'ळ'च्या जागीं 'ल' येतो, शब्दाच्या मध्यें असलेल्या 'ड'चा 'र' होतो, आणि 'इ'काराच्या आधींचा 'व' गळतो. जो फरक एका शब्दांत न होतां त्या प्रकारच्या शब्दांत पद्धतशीरपणें होतो, त्याला चूक म्हणतां येत नाहीं. संस्कृतांतून प्राकृत आणि प्राकृतांतून मराठी अशाच फरकांनीं घडली. त्या वेळींहि जुन्या भाषेच्या पंडितांना नवे उच्चार भ्रष्टच वाटले असतील.

आगरीहून ठाकरी आणि कातकरी या बोली शहरापासून अधिक दूरच्या. ठाकरांत 'क ठाकर' आणि 'म ठाकर' असे दोन मुख्य भेद आहेत. सह्याद्रींतील या समाजाचा सविस्तर अभ्यास ल. ना. चापेकर यांनीं केला. त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९६० सालीं प्रसिद्ध झाला. कातकऱ्यांचें नांवच त्यांच्या जुन्या धंद्यावरून पडलेलें आहे. खैराच्या लांकडापासून काथ काढणारे ते काथकरी, अथवा काथोडी. जंगलाचे कायदे कडक झाले, काथाचा धंदा गेला; नांव मात्र राहिलें. महाराष्ट्रांतील कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या तीन जमातींची गणना केंद्र सरकारनें विशेष दुर्बल आदिवासी गटांत केलेली आहे.

या बोली मोजल्या कोणी आणि कशा? पहिला मोठा प्रयत्न जॉर्ज ग्रियर्सन यांचा. त्यांच्या देखरेखीखालीं झालेल्या भाषिक सर्वेक्षणाचे खंड १९०३ पासून १९२८ पर्यंत निघत होते, आणि त्यांत १७९ भाषा व ५४४ बोली नोंदल्या गेल्या. मराठीचा सातवा खंड १९०५ सालीं प्रसिद्ध झाला. तो स्टेन कोनो या नॉर्वेजियन पंडितानें तयार केला होता. आगरी, ठाकरी, कातकरी, वारली या उत्तर कोंकणांतील बोलींची दखल या खंडांत घेतलेली आहे. त्यानंतर शंभर वर्षांनीं गणेश देवी यांच्या पुढाकारानें लोकभाषांचें नवें सर्वेक्षण झालें. २०१३ सालीं त्याचे निष्कर्ष बाहेर आले, तेव्हां देशांतील भाषांची संख्या ७८० सांगण्यांत आली.

सरकारी खानेसुमारीचा हिशेब आणखी निराळा. २०११ सालीं लोकांनीं आपल्या मातृभाषांचीं जीं नांवें सांगितलीं त्यांची संख्या १९,५६९ भरली. छाननी होऊन त्यांतून १,३६९ मातृभाषा निश्चित करण्यांत आल्या, आणि त्यांची वाटणी करून अखेर १२१ भाषांचें कोष्टक तयार झालें. ज्यांचे बोलणारे दहा हजारांहून कमी, त्या भाषांना या कोष्टकांत स्वतंत्र ओळ नाहीं. त्या 'इतर' या सदरांत जातात.

एकाच देशाविषयीं इतके भिन्न आंकडे कसे येतात, असा प्रश्न साहजिक आहे. त्याचें उत्तर असें कीं, भाषा आणि बोली यांमधील रेषा केवळ व्याकरणानें ठरत नाहीं. बदलापूरहून मुरबाडकडे आणि तेथून माळशेजच्या दिशेनें पायीं जाणाऱ्यास प्रत्येक गांवचें बोलणें मागील गांवाच्या बोलण्याशीं जुळतें असें वाटेल. परंतु पहिल्या आणि शेवटच्या गांवच्या माणसांना समोरासमोर बसविलें तर दोघेहि अडखळतील. रेषा कोठें तरी ओढावी लागते, आणि ती ओढणारा हात बहुधा त्या गांवचा नसतो. वारलीचें उदाहरण या बाबतींत बोलकें आहे. ग्रियर्सनच्या सर्वेक्षणांत ती मराठीच्या खंडांत आली. आजची खानेसुमारी तिला भिलीच्या सदरांत घालते. वारली बोलणारा आपल्या घरींच राहिला, तीच भाषा बोलत राहिला, आणि कागदावर मात्र तो एका भाषेंतून दुसऱ्या भाषेंत गेला.

अखिल महाराष्ट्राकडे पाहिल्यास हें वैविध्य अधिकच ठळक होतें. नंदुरबारच्या बाजूस भिली, मावची, पावरी या आर्यकुलांतील भाषा आहेत. गडचिरोलींत गोंडी व माडिया, यवतमाळकडे कोलामी. या द्राविडी कुलांतील, म्हणजे नात्यानें तेलुगु-तमिळशीं जवळच्या. मेळघाटांतील कोरकू ही मुंडा कुलांतली. तिचे सगेसोयरे छोटा नागपूरांत, संथाळी व मुंडारी. २०११ सालीं सुमारें ७ लाख २७ हजार लोकांनीं कोरकू ही मातृभाषा सांगितली. आणि बुलढाणा जिल्ह्याच्या जळगांव जामोद तालुक्यांत, सातपुड्याच्या पायथ्याशीं, निहाली बोलणारी थोडीं माणसें आहेत. कोनो यांनीं तिला कोरकूच्या शेजारीं बसविलें होतें. पुढें १९६२ सालीं डच पंडित कॉयपर यांनीं तिचा स्वतंत्र अभ्यास प्रसिद्ध केला. निहालीनें कोरकू, मराठी आणि द्राविडी भाषांतून पुष्कळ शब्द घेतले आहेत, परंतु ते बाजूला काढल्यावर जो गाभा उरतो त्याचें नातें कोणत्याहि ज्ञात कुलाशीं निश्चितपणें जुळलेलें नाहीं.

एखाद्या भाषेस सरकारदरबारीं मान मिळाला म्हणजे तिचें भागलें, असा समज होण्याचा संभव आहे. त्यासाठीं उल्हासनगरचें उदाहरण ध्यानांत घेण्याजोगें आहे. १९४७ च्या फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांची सोय कल्याणजवळच्या लष्करी छावण्यांत करण्यांत आली, आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजीं गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्तें उल्हासनगरची स्थापना झाली. छावण्यांचे क्रमांक आजहि वस्त्यांना चिकटून आहेत. 'कँप नंबर तीन' किंवा 'पांच' असाच पत्ता सांगितला जातो. या लोकांनीं घरें आणि कारखाने उभारले. परंतु ज्या प्रांतांत आपली भाषा शाळेंत, कचेरींत, रस्त्यावर आपोआप चालते, असा प्रांत त्यांना भारतांत उरला नव्हता.

सिंधीचें वैशिष्ट्य असें कीं, तिच्यांत ग, ज, ड, ब या वर्णांच्या जोडीनें चार असे उच्चार आहेत कीं जे करतांना वारा आंत ओढावा लागतो. मराठींत ते मुळींच नाहींत. नागरी लिपींत ते दाखविण्यासाठीं अक्षराखालीं रेघ देतात. परंतु सिंधी नागरींत लिहावी कीं १८५३ सालीं ठरविलेल्या अरबी वळणाच्या बावन्न अक्षरी लिपींत, याविषयीं भारतांत आल्यावर मोठा वाद झाला. १९६७ सालीं सिंधीला राज्यघटनेच्या आठव्या परिशिष्टांत स्थान मिळालें. इतका मान मिळूनहि आज पुष्कळ सिंधी घरांत आजी सिंधींत विचारते आणि नातू हिंदींत किंवा इंग्रजींत उत्तर देतो. आजोबांच्या लिपींतलें पुस्तक त्याला वाचतां येत नाहीं.

उलट ज्यांना तें स्थान नाहीं अशा भाषांची संख्याहि लहान नाहीं. आठव्या परिशिष्टांत २२ भाषा आहेत. २०११ सालीं भिली सांगणारे १ कोटि ४ लाखांवर होते आणि गोंडी सांगणारे सुमारें ३० लाख; दोन्ही भाषा परिशिष्टाबाहेर आहेत. संस्कृत मातृभाषा म्हणून सांगणारे २५ हजारांहून कमी. ती परिशिष्टांत आहे. यांत संस्कृतची योग्यता कमी होत नाहीं. परंतु हें परिशिष्ट म्हणजे बोलणाऱ्यांची गणना नव्हे, एवढें स्पष्ट होतें. संथाळीला तें स्थान २००३ सालीं मिळालें. त्यापूर्वीं पाऊण शतक, १९२५ च्या सुमारास, रघुनाथ मुर्मू यांनीं तिच्यासाठीं ओल चिकी ही स्वतंत्र लिपि तयार केली होती, आणि लोकांनीं ती चालविली होती. मान मागाहून आला. वापर आधीं होता.

भाषा गेली म्हणजे नेमकें काय जातें, हें बाजारांतल्या एका साध्या भाजीवरून समजेल. पहिल्या पावसाच्या सुमारास कल्याण-बदलापूरच्या बाजारांत आदिवासी बायका शेवळें विकावयास आणतात. शेवळांना खाज असते; ती मारण्यासाठीं काकडें नांवाचीं आंबट फळें त्यांबरोबर घ्यावीं लागतात, आणि विकणारी बाई तीं न मागतांहि देते. कोणता कंद केव्हां खणावा, कोणती पालेभाजी किती उकळावी, कोणत्या झाडाची साल कशावर उपयोगी, हें सारें ज्ञान नांवांत आणि म्हणण्यांत सांठविलेलें असतें. तें कोणत्याहि पुस्तकांत उतरलेलें नाहीं. बोलणें थांबलें कीं झाड राहतें, त्याचा उपयोग विसरला जातो. अंदमानांत २०१० सालीं बोआ सिनियर ही वृद्ध स्त्री निवर्तली, तेव्हां 'बो' भाषा बोलणारें शेवटचें माणूस गेलें. ज्यांच्याशीं आपल्या भाषेंत बोलावें असें कोणीहि तिला शेवटचीं कित्येक वर्षें उरलें नव्हतें.

उल्हास खोऱ्यांतील बोलींवर अशी पाळी येण्याचें कारण त्यांच्या बोलणाऱ्यांचें दारिद्र्य हेंच अधिक संभवतें. कित्येक कातकरी कुटुंबें दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर कामास जातात तीं पावसाच्या तोंडावर परततात. मुलाची शाळा मध्येंच तुटते. जेव्हां तें शाळेंत असतें, तेव्हां पहिल्याच दिवशीं त्याच्या तोंडचा शब्द 'चूक' ठरतो. घरीं आईनें शिकविलेलें बोलणें हीच आपली चूक, असें ज्या मुलाला सहा वर्षांच्या वयांत वाटूं लागलें, तें मूल शाळेंत गप्प बसतें. आणि मोठेपणीं आपल्या मुलांशीं तें त्या भाषेंत बोलत नाहीं. याप्रमाणें एका पिढींत शाळा आणि बोली या दोहोंचाहि तोटा होतो.

यावर उपाय अगदींच अपरिचित नाहीं. भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेंत मिळण्याची सोय राज्यांनीं करावी, असें १९५६ सालीं राज्यघटनेंत घातलेल्या ३५० अ या कलमांत सांगितलें आहे. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणानेंहि, शक्य तेथें निदान पांचव्या इयत्तेपर्यंत घरच्या भाषेंतून शिकविण्याचा पुरस्कार केला. गडचिरोली जिल्ह्यांतील मोहगांवच्या ग्रामसभेनें तर २०१९ सालीं स्वतःच गोंडी माध्यमाची शाळा काढली. प्रत्येक वाडींत निराळी शाळा निघणें कठीण आहे, हें खरें. परंतु पहिलीच्या वर्गांत शिक्षकानें मुलाचा शब्द आधीं ऐकून घ्यावा, तो फळ्यावर लिहावा, आणि त्याच्या शेजारीं पुस्तकांतला शब्द लिहावा, याला निराळ्या इमारतीची किंवा अनुदानाची जरूर नाहीं. मुलाला दोन शब्द मिळतात, आणि पहिला टाकून द्यावा लागत नाहीं.

शहरांतील सुशिक्षित कुटुंबांकडेहि या कामाचा थोडा वांटा येतो. घरीं कामास येणारी बाई, बाजारांत भाजी देणारी म्हातारी, बांधकामावरचा गडी यांच्या बोलण्याची नक्कल करून हंसण्याची रीत पुष्कळ घरांत आहे, आणि मुलें ती पाहून शिकतात. त्याऐवजीं मुलांनीं त्या म्हातारीला भाजीचें तिच्या भाषेंतलें नांव विचारावें. सिंधी घरांतील मुलांनीं आजीला तिच्याच भाषेंत उत्तर द्यावें. उच्चार चुकला तर ती सुधारील. आणि खानेसुमारीचा नोकर दारीं येऊन मातृभाषा विचारील तेव्हां, जी भाषा घरांत खरोखर बोलली जाते तिचेंच नांव प्रत्येकानें सांगावें. कोष्टकांत तें नांव कोणत्या सदराखालीं जाईल, हें सांगणाऱ्याच्या हातीं नाहीं; पण तें नांव सांगितलेंच नाहीं, तर सदरांत घालण्यापुरतेंहि तें उरणार नाहीं.