पालोमा: टकीला, ग्रेपफ्रूट आणि चिमूटभर मीठ

टकीलाचं नाव निघालं की आपल्याकडे दोनच गोष्टी डोळ्यांपुढे येतात. एक म्हणजे मीठ चाटून, लिंबू चोखून एका घोटात रिकामा केलेला इवलासा पेला, दुसरी मार्गारिटा. पण जिथे टकीला तयार होते त्या मेक्सिकोच्या हालिस्को राज्यात उन्हाच्या दुपारी निवांत बसून प्यायचं पेय म्हणजे पालोमा. उंच पेला, भरपूर बर्फ, टकीला, लिंबाचा रस, मीठ आणि वरून ग्रेपफ्रूटचा सोडा, एवढाच सगळा कारभार. बारमधली कुठलीही खास उपकरणं नसली तरी ती घरच्या ओट्यावर आरामात होते.

पालोमाचा जनक म्हणून टकीला गावातल्या ‘ला कापिया’ या बारचे मालक डॉन हावियेर देल्गादो कोरोना यांचं नाव बऱ्याचदा घेतलं जातं. त्यांनी स्वतः मात्र ते श्रेय नाकारलं होतं. त्यांचं खरं पेय ‘बातांगा’: टकीला, लिंबू आणि कोला, मिठाची कड लावलेल्या पेल्यात लांब सुरीनं ढवळलेलं. पालोमा अशीच लोकांच्या हातून घडत गेली असावी. ‘स्क्वर्ट’ हा ग्रेपफ्रूटच्या चवीचा सोडा १९३८ मध्ये अमेरिकेतल्या ॲरिझोनात निघाला आणि १९५० च्या दशकात मेक्सिकोत पोहोचला; तिथे त्याची टकीलाशी गाठ पडली.

कृती इतकी सोपी असूनही घरी केलेली पालोमा हमखास दोन प्रकारे बिघडते. एकतर ती कडू होते, नाहीतर कडू होईल या धास्तीनं तिच्यात इतकी साखर पडते की तिचं सरबत होतं. ग्रेपफ्रूटचा कडवटपणा हाच या पेयाचा जीव आहे. तो घालवायचा नाही, आवरायचा आहे, आणि ते काम साखरेपेक्षा मीठ जास्त चांगलं करतं. पुढच्या सगळ्या पायऱ्या हे धरूनच आहेत.

इथे आपण ग्रेपफ्रूटच्या तयार सोड्याऐवजी ताज्या फळाचा रस आणि साधा सोडा वापरणार आहोत. पण फळ विकत आणण्याआधी एक गोष्ट पाहून घ्यायला हवी. आपण किंवा आपल्याकडे येणारं कुणी रोजची औषधं घेत असेल, तर ग्रेपफ्रूट चालतं का हे डॉक्टरांना किंवा औषधविक्रेत्याला विचारावं. कोलेस्टेरॉलवरची काही औषधं (सिमवास्टॅटिन, ॲटोरवास्टॅटिन), रक्तदाबावरची काही औषधं (फेलोडिपिन, निफेडिपिन) आणि इतरही काही यात येतात. ही औषधं आतड्यात थोडी मोडतात, मग उरलेली रक्तात जातात. मोडण्याचं हे काम करणारं विकर, म्हणजे शरीरातली रासायनिक क्रिया घडवणारं प्रथिन, ग्रेपफ्रूटमधल्या घटकांमुळे बंद पडतं आणि औषध गरजेपेक्षा जास्त प्रमाणात रक्तात उतरतं. हा परिणाम दिवसभराहून अधिक टिकू शकतो, त्यामुळे गोळी सकाळी आणि पेय रात्री घेतल्यानं सुटका होत नाही.

हा शोध लागला तोही मद्यामुळेच. कॅनडातले संशोधक डेव्हिड बेली फेलोडिपिनवर मद्याचा काय परिणाम होतो ते तपासत होते. मद्याची चव लपावी म्हणून त्यांनी ते ग्रेपफ्रूटच्या रसात मिसळलं, आणि रक्तातलं औषध अपेक्षेच्या कितीतरी पुढे गेलेलं दिसलं. ही गोष्ट १९८९ मध्ये प्रसिद्ध झाली. पपनसातही हे घटक असतात, म्हणून ही काळजी त्यालाही लागू आहे. शिवाय मद्य स्वतःच अनेक औषधांशी जुळत नाही, हे वेगळं.

आता बाटलीकडे वळू. टकीला होते निळ्या अगावेपासून. शेताच्या बांधावर दिसणारं, ज्याच्या पातींपासून दोर काढतात ते घायपात त्याच्याच कुळातलं. हे झाड तयार व्हायला साधारण सहा ते आठ वर्षं लागतात. मग ‘हिमादोर’, म्हणजे अगावे तोडणारा कसबी मजूर, लांब दांड्याच्या धारदार हत्यारानं काटेरी पाती छाटून मधला गड्डा मोकळा करतो. गड्डा भाजून-वाफवून त्यातली साखर सुटी होते, ती आंबवतात आणि दोनदा ऊर्ध्वपातन करतात, म्हणजे वाफ करून ती पुन्हा थंड करतात. टकीला हे नाव १९७४ पासून कायद्यानं राखीव आहे आणि मेक्सिकोच्या पाच राज्यांतल्या ठरावीक भागांतच ते लावता येतं. दख्खनच्या पठारावरच्या अगावेपासून आपल्याकडेही मद्य तयार होतं आणि पालोमात ते छान लागतं, पण त्याला टकीला म्हणता येत नाही ते यामुळे.

बाटली घेताना दोन गोष्टी बघाव्यात. पहिली, लेबलवर ‘१०० टक्के अगावे’ लिहिलेलं आहे का. तसं नसेल तर ती ‘मिक्स्तो’, म्हणजे मिश्र टकीला. तिच्यात अगावेची साखर किमान ५१ टक्के असली की चालतं, बाकीची दुसऱ्या कशाची असू शकते. दुसरी गोष्ट मुरवण्याची. ‘ब्लांको’ न मुरवलेली किंवा दोन महिन्यांच्या आतली, ‘रेपोसादो’ लाकडी पिंपात दोन महिने ते वर्षभर, ‘आन्येहो’ एक ते तीन वर्षं. पालोमाला ब्लांकोच घ्यावी. तिचा हिरवट, किंचित मिरीसारखा झणझणीतपणा ग्रेपफ्रूटच्या पुढे टिकतो. महागडी आन्येहो यात घालणं म्हणजे पैसे वाया घालवणं. लाकडाचा तो गोडसर वास सोड्यात हरवून जातो. महाराष्ट्रात अशा मद्यासाठी वय २५ पूर्ण हवं आणि परवानाही हवा, हे ध्यानात असू द्यावं.

आता फळ. ग्रेपफ्रूट हा पपनस आणि संत्रं यांचा संकर. अठराव्या शतकात बार्बाडोस बेटावर तो पहिल्यांदा नजरेस आला. मोठ्या शहरांत आयात केलेली फळं मिळतात. आतून गुलाबी-लाल असलेलं घ्यावं, ते पांढऱ्यापेक्षा गोडसर असतं. हातात घेतल्यावर आकाराच्या मानानं जड लागलं पाहिजे. हलकं फळ बहुधा आत सुकलेलं निघतं.

रस काढताना सर्वांत जास्त चुका होतात. फळ फ्रीजमधून काढून थोडा वेळ बाहेर ठेवावं, ओट्यावर तळहातानं दाबून फिरवावं आणि आडवं कापावं. मग हातानं किंवा लिंबू पिळायच्या साधनानं बेतानं पिळावं. अर्धी फोड उलटी करून शेवटच्या थेंबापर्यंत रगडली की सालीखालचा पांढरा भाग चुरडला जातो आणि जिभेवर रेंगाळणारी कडू चव रसात उतरते. मिक्सर तर लावूच नये; बिया आणि पडदे दळले गेले की तो रस कितीही साखर घातली तरी सुधारत नाही. रस आयत्या वेळीच काढावा. काढून ठेवलेल्या रसाचा वास मावळतो आणि तो जास्त कडवट होत जातो.

ग्रेपफ्रूट मिळालंच नाही तर गणपतीच्या दिवसांत बाजारात दिसणारं आपलं पपनस वापरावं. त्याची जाड साल काढावी, एकेक फाक सोडवावी, तिच्यावरचा पातळ पडदा नखानं ओढून काढावा आणि आतले टपोरे रसदाणे गाळणीत चमच्यानं दाबावेत. काम वेळखाऊ आहे खरं. पण हा रस कमी कडू आणि सुगंधी असतो, त्यामुळे साखर निम्मी करावी आणि लिंबू किंचित वाढवावं.

लिंबाच्या बाबतीत आपण नशीबवान आहोत. मेक्सिकोत सरसकट वापरलं जाणारं छोटं लिंबू आणि आपलं कागदी लिंबू एकाच जातीचं आहे. तेव्हा आयात केलेलं मोठं हिरवं लिंबू शोधत फिरायची गरज नाही. एका रसदार लिंबातून साधारण १५ मिली रस निघतो, तेवढा एका पेल्याला पुरतो. बाटलीबंद लिंबूरस घेऊ नये.

गोडीसाठी साखर थेट पेल्यात घालू नये. थंड रसात ती विरघळत नाही आणि तळाशी बसते. मग पहिला घोट आंबट, शेवटचा पाकासारखा गोड. त्याऐवजी एक वाटी साखर एक वाटी गरम पाण्यात विरघळवून गार करावी. तार येईपर्यंत उकळू नये. हे साखरपाणी स्वच्छ बाटलीत भरून फ्रीजमध्ये ठेवावं.

बर्फ मोठ्या खड्यांचा हवा, कारण लहान खडे भराभर वितळून पेय पाणचट करतात. फ्रीजरमध्ये बर्फाशेजारी मासळी किंवा वाटलेलं आलं-लसूण असेल तर त्याचा वास बर्फाला लागतो आणि तो या हलक्या पेयात चटकन कळतो, म्हणून बर्फाची ताटली झाकून ठेवावी. साधा सोडा आदल्या रात्रीच फ्रीजमध्ये टाकावा. गार पाण्यात वायू टिकून राहतो. कोमट सोड्यातला वायू ओतताच फसफसून निघून जातो.

आता मीठ. बारमध्ये मिठाची कड लावून पेला देतात आणि आपली समजूत होते की मीठ म्हणजे सजावट. खरं तर मिठातलं सोडियम जिभेवरची कडवटपणाची जाणीव दाबतं. पॉल ब्रेस्लिन आणि गॅरी बोशां या शास्त्रज्ञांनी १९९७ मध्ये ‘नेचर’ या नियतकालिकात दाखवून दिलं की कडू-गोड मिश्रणात सोडियमचं लवण घातलं की कडवटपणा खाली जातो आणि त्याखाली दबलेली गोडी वर येते. घरच्या घरी हे तपासता येतं. ग्रेपफ्रूटचा रस दोन वाट्यांत घ्यावा, एकीत मिठाचे चार-पाच कण टाकून ढवळावं आणि दोन्ही चाखावेत. मीठ घातलेला रस खारट लागत नाही, तो पिकलेल्या फळाचा वाटतो.

म्हणून चिमूटभर मीठ पेयातच घालावं, आणि तेही आधी लिंबाच्या रसात विरघळवून. मद्यात मीठ नीट विरघळत नाही, त्यामुळे टकीलानंतर टाकलं तर ते तळाला जातं. कड लावायची हौस असेल तर पेल्याच्या अर्ध्याच काठाला, बाहेरच्या बाजूनं लिंबाची फोड फिरवून जाडं मीठ लावावं, म्हणजे पिणाऱ्याला निवड राहते. मिठात थोडं लाल तिखट मिसळलं तरी चालतं, मेक्सिकोतही तशी पद्धत आहे. काळं मीठ आणि चाट मसाला मात्र इथे नको. त्यांचा उग्र वास अगावेचा वास पुसून टाकतो.

आता पेय रचू. उंच पेल्यात १५ मिली लिंबाचा रस घ्यावा, चिमूटभर मीठ घालून विरघळेपर्यंत ढवळावं. त्यात ६० मिली ग्रेपफ्रूटचा रस, १० ते १५ मिली साखरपाणी आणि ४५ मिली टकीला घालावी. पेला काठोकाठ बर्फानं भरावा आणि लांब चमच्यानं चांगलं ढवळावं, कारण नंतर ढवळायचं नाही. मग पेला तिरका धरून कडेनं सुमारे ९० मिली सोडा सोडावा. चमचा तळाशी नेऊन एकदाच अलगद वर उचलावा आणि थांबावं. जोरात ढवळलं की बुडबुडे निघून जातात. ग्रेपफ्रूटचा तयार गोड सोडा मिळाला तर ग्रेपफ्रूटचा रस आणि साखरपाणी दोन्ही वगळावं, सोडा १२० ते १५० मिली घ्यावा. लिंबू आणि मीठ मात्र ठेवावंच.

टकीला ४५ मिली म्हणजे दीड पेग. पुष्कळ कृतींत ६० मिली असते, पण आंबट-गोड गार पेयात मद्य जाणवत नाही आणि दुसरा पेला पहिल्यापेक्षा लवकर संपतो, म्हणून मी ४५ वर थांबायला सांगते. ६० मिली टकीलात जवळपास १९ ग्रॅम शुद्ध मद्यार्क असतो.

पहिला घोट घेऊन चव बघावी. कडू वाटली तर आधी मिठाचे दोन-चार कण, मग लागलंच तर साखरपाणी. सपक वाटली तर लिंबाचे थेंब. फारच गोड झाली तर लिंबू आणि सोडा दोन्ही. पाणचट वाटली तर बर्फ बारीक होता; या पेल्यात आता करण्यासारखं काही नाही, पुढच्या वेळी मोठे खडे घ्यावेत.

सहा जणांसाठी करायचं असेल तर जगमध्ये ३६० मिली ग्रेपफ्रूटचा रस, ९० मिली लिंबाचा रस, ६० ते ९० मिली साखरपाणी आणि पाव छोटा चमचा मीठ एकत्र करून तासभर फ्रीजमध्ये ठेवावं. टकीला आणि सोडा जगमध्ये घालू नये. प्रत्येक पेल्यात बर्फ, या मिश्रणाचा सहावा भाग, मग ज्याला हवी त्याला टकीला आणि शेवटी सोडा. न पिणाऱ्यांसाठी टकीला वगळून सोडा थोडा वाढवावा. मिठामुळे तोही पेला भरीव लागतो.