एका एकराचे एक हजार चोवीस मालक

मे 2025 मध्ये राज्य मंत्रिमंडळानं कर्जत तालुक्यातल्या पोशिर धरणासाठी सुमारे 6,394 कोटी रुपये मंजूर केले. सेकंदाला एक रुपया, तोही झोप न घेता, असे हे पैसे मोजायला 2,026 वर्षं लागतील. सातवाहनांच्या काळात नाणेघाट उतरणाऱ्या व्यापाऱ्यानं सुरुवात केली असती, तर त्याची मोजणी आत्ता कुठे संपत आली असती. धरणात साठायचं पाणी 12.34 टीएमसी, म्हणजे जवळपास 35 हजार कोटी लिटर. देशातल्या माणशी सव्वा पिंप.

आकडे डोळे फिरवणारे खरे, पण एका माणसाला कॅल्क्युलेटर घेऊन मांडता येतात. नेरळपासून कळंबपर्यंत जमिनीच्या संपादनाचं नाव निघालं की गावात फेफे उडते ती दुसऱ्याच हिशेबानं: सातबाऱ्यावर नावं किती?

समजा, एका शेतकऱ्याचं एक एकर भातखाचर होतं. एकर म्हणजे 40 गुंठे आणि गुंठा म्हणजे 33 फूट बाय 33 फूट, 1,089 चौरस फूट. त्याला चार मुलं, त्या प्रत्येकाला चार, असंच पुढं. मुलांच्या वाट्याला दहा-दहा गुंठे आले. नातवंडांना अडीच. पतवंडांना 680 चौरस फूट, म्हणजे एक आटोपशीर फ्लॅट. चौथ्या पिढीला 170 चौरस फूट, म्हणजे एक खोली. पाचव्या पिढीला 42 चौरस फूट. दोन खाटा टाकल्या की शेत संपलं. तोवर वारस झाले 1,024.

आपल्याकडे वाटा आजही आण्यांत सांगतात: ‘माझा चार आणे’. जुना रुपया 16 आण्यांचा, आणा 12 पैंचा, म्हणजे रुपयाच्या पै 192. चौथ्या पिढीत वारस 256 होतात आणि एकेकाचा हिस्सा पाऊण पैवर येतो. त्या वाट्याएवढं नाणंच नव्हतं!

हा झाला सरळ वंशवेल. त्यात लग्न होऊन गेलेल्या बहिणी, ज्यांची नावं अनेक ठिकाणी ‘इतर हक्कां’त पडून असतात. हिंदू वारसा कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा वाटा मुलाइतकाच झाला. त्यात 1 एप्रिल 1957 च्या कृषकदिनी मालक मानलं गेलेलं, पण दाखला न घेतलेलं कूळ. त्यात आजोबांनी साध्या कागदावर विकलेले चार गुंठे. आणि सातबाऱ्यावर नाव मात्र अजून त्या मूळ शेतकऱ्याचं. संपादनाची नोटीस निघते ती त्याच्याच नावानं.

पैसे कुणाला द्यायचे, हा वाद सरकारी अधिकारी मिटवत बसत नाही. 1894 च्या भूसंपादन कायद्यात त्यासाठी कलम 30 होतं, 2013 च्या कायद्यात कलम 76 आहे. वाटपाचा वाद आता भूसंपादन प्राधिकरणाकडे जातो, रक्कमही तिथंच जमा होते. जमीन सरकारकडे, पैसे प्राधिकरणाकडे, वारस वकिलाकडे. एकराला एक कोटी मिळाले असं धरलं, तरी पाचव्या पिढीतल्या वारसाचा वाटा 9,765 रुपये. मुंबईहून कर्जतला तारखांना खेटे घालण्यातच तो संपायचा.

मालक एकच कुटुंब असलं म्हणजे सुटका झाली, असंही नाही. पुण्याजवळ पाषाणला एका कुटुंबानं 1950 मध्ये 24 एकर घेतले. 1963 मध्ये सरकारनं ताबा घेतला. कुटुंब खटला जिंकलं, तोवर जमीन संरक्षण खात्याच्या संस्थेकडे गेली होती. बदल्यात मिळालेली जमीन निघाली राखीव वनाची. 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर राज्याचा भरपाईचा आकडा 37 कोटी होता, कुटुंबाचा 317 कोटी. जमीन तीच, फरक 280 कोटींचा, वर्षं गेली एकसष्ट.

पुण्याचा वाद दोन आकड्यांचा. आपला 1,024 नावांचा. पण तो मुळात चारच नावांचा होता. मूळ शेतकरी गेला त्या वर्षी वारसनोंदीचा अर्ज गेला असता, तर फेरफारावर चार नावं चढली असती. पुढच्या प्रत्येक मृत्यूनंतर पुन्हा चार. वाटे तेवढेच बारीक झाले असते, पण नोटीस जिवंत माणसांच्या हातात पडली असती.