पडद्यामागचा संगीत संयोजक : अँथनी गोन्साल्विस यांची कारकीर्द आणि श्रेयाचा प्रश्न

प्रस्तावना :

चित्रपटगीताच्या संदर्भात गायक, गीतकार व संगीतकार ही तीन नावे सर्वपरिचित असतात. परंतु ध्वनिमुद्रिकेवर गीत ज्या रूपात ऐकू येते, त्या रूपामागे संगीत संयोजक ही चौथी व्यक्ती उभी असते. चित्रपटसंगीताच्या इतिहासलेखनात तिची नोंद क्वचितच घेतली गेली आहे. प्रस्तुत लेखात गोमंतकीय व्हायोलिनवादक व संयोजक अँथनी गोन्साल्विस (१९२७-२०१२) यांच्या कारकिर्दीच्या आधारे संयोजकाच्या कार्याचे स्वरूप आणि त्याच्या श्रेयाचा प्रश्न यांचे विवेचन केले आहे.

संयोजनाचे स्वरूप :

संगीतकार गीताला चाल देतो. ती चाल बहुधा हार्मोनियमवर बसविलेली असते. त्यानंतर गीताचा आरंभ कोणत्या वाद्याने करावयाचा, दोन अंतऱ्यांमध्ये कोणते संगीत वाजवावयाचे, गायकाच्या आवाजामागे व्हायोलिनसमूहाने कोणते स्वर धरावयाचे, हे ठरवावे लागते. काही संगीतकार अंतऱ्यांमधील संगीतही स्वतःच रचीत. तथापि त्याचा विस्तार करून प्रत्येक वादकासाठी स्वरलेखनाचा स्वतंत्र कागद तयार करणे हे संयोजकाचे काम होते.

हिंदुस्थानी संगीत मुख्यतः एका स्वरावलीच्या विस्तारावर आधारलेले आहे. एकाच वेळी अनेक स्वर परस्परांशी जुळवून वाजविण्याची हार्मनीची पद्धत पाश्चात्त्य संगीतातून आली. गोव्यात पोर्तुगीज राजवटीत चर्चशी संलग्न शाळांमधून मुलांना पाश्चात्त्य स्वरलेखन शिकविले जाई. त्यामुळे लिहिलेले संगीत पाहून तत्काळ वाजवू शकणारे वादक मुंबईच्या ध्वनिमुद्रणगृहांना मोठ्या प्रमाणावर गोव्यातून मिळाले. त्या काळी गायक व संपूर्ण वाद्यवृंद यांचे ध्वनिमुद्रण एकत्रच होई. एकाची चूक झाली तरी सर्वांना पुन्हा वाजवावे लागे. म्हणूनच लिखित संयोजन ही चैन नव्हती, ती गरज होती.

संयोजकाच्या कार्याचा प्रत्यय खानदेशातील लग्नाच्या वरातीतही येतो. बँडपथक जुने चित्रपटगीत वाजविते तेव्हा केवळ मुखडा व अंतरा वाजवून थांबत नाही, तर त्यांच्या मधल्या सुरावटीही वाजविते. त्या वगळल्यास ऐकणाऱ्यांना गीत अपुरे वाटते. म्हणजेच संयोजकाचे नाव ठाऊक नसले तरी त्याचे काम लोकस्मृतीत रुजलेले आहे.

गोन्साल्विस यांची कारकीर्द :

गोन्साल्विस यांचा जन्म १९२७ मध्ये दक्षिण गोव्यातील माजोर्डा येथे झाला. त्यांचे वडील चर्चच्या गायनवृंदाचे मार्गदर्शक होते. १९४३ मध्ये ते मुंबईस आले आणि नौशाद यांच्या वाद्यवृंदात व्हायोलिनवादक म्हणून दाखल झाले. पुढे ते संयोजक झाले. ‘महल’ (१९४९) व ‘नया दौर’ (१९५७) या चित्रपटांच्या संदर्भात त्यांच्या कार्याचा उल्लेख केला जातो. राहुलदेव बर्मन व प्यारेलाल यांनी त्यांच्याकडे संगीताचे धडे घेतले.

केवळ चित्रपटांसाठी लेखन करून ते समाधानी नव्हते. रागसंगीत व पाश्चात्त्य वाद्यवृंद यांचा मेळ घालणाऱ्या रचना त्यांनी केल्या. १९५८ मध्ये मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयात त्यांनी मोठ्या वाद्यवृंदाचा कार्यक्रम सादर केला. लता मंगेशकर व मन्ना डे त्यात सहभागी झाले होते. संयोजक स्वतःच्या नावाने श्रोत्यांसमोर आला, हे या कार्यक्रमाचे महत्त्व होय. १९६५ मध्ये ते शिष्यवृत्तीवर अमेरिकेतील सिरॅक्यूज विद्यापीठात गेले. परतल्यावर मात्र ते चित्रपटसृष्टीपासून दूर, माजोर्ड्यातच राहिले. ‘अमर अकबर अँथनी’ (१९७७) या चित्रपटातील गीतामुळे त्यांचे नाव देशभर पोहोचले. लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे संगीत असलेल्या या गीतातील नाव हे गुरूचे स्मरण होते. परंतु ते एका खऱ्या संगीतज्ञाचे नाव आहे, हे बहुसंख्य श्रोत्यांना ठाऊक नव्हते. चित्रपट समीक्षक अशोक राणे यांनी पुढे त्यांच्यावर माहितीपट केला.

श्रेय आणि कायदा :

प्रतिलिप्यधिकार अधिनियम, १९५७ मधील मूळ व्याख्येनुसार संगीतकृती लिखित वा मुद्रित असणे अपेक्षित होते. प्रत्यक्षात हे लेखन बहुधा संयोजक करीत असे, हा यातील विरोधाभास होय. १९९४ च्या दुरुस्तीने स्वरलेखन केलेले असो वा नसो, संगीत रचणारा तो संगीतकार, असे स्पष्ट झाले. संयोजनाची गणना मात्र ‘रूपांतर’ या सदरात होते आणि रूपांतराचा हक्क मूळ कृतीच्या स्वामीकडे असतो. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार, संगीतकार व कलावंत यांच्या स्वामित्वधनाला संरक्षण दिले. संयोजकाचा स्वतंत्र नामनिर्देश त्यातही नाही.

जपानमधील प्रथा या बाबतीत उद्बोधक आहे. तेथील लोकप्रिय संगीतात गीतलेखन, स्वररचना व संयोजन अशी तीन श्रेये स्वतंत्रपणे छापली जातात. त्यामुळे एखाद्या गिटारवादक-संयोजकाची संपूर्ण कारकीर्द ध्वनिमुद्रिकांवरूनच मांडता येते. आपल्याकडे ती वादकांच्या आठवणींतून शोधावी लागते.

समारोप :

गोन्साल्विस यांचे १८ जानेवारी २०१२ रोजी निधन झाले. त्यांच्या पिढीतील वादकांची संख्या आता अत्यल्प आहे. ध्वनिमुद्रण संपताच स्वरलेखनाच्या कागदांचे प्रयोजनही संपत असे. त्यामुळे मौखिक नोंदींचे मोल अधिक आहे. आपल्या परिसरातील वादक, बँडमास्तर व संयोजक यांच्या मुलाखती विद्यार्थ्यांकरवी नोंदवून घेणे हे कोणत्याही महाविद्यालयाला साध्य होण्याजोगे काम आहे. कायद्याने जे श्रेय दिले नाही, ते निदान अभ्यासाने द्यावे.