स्मृतीचे स्थान : नलिनी मलानी यांचा एक चित्रफीत-प्रयोग

भोर-वेल्हे भागातील विंझरसारख्या गावातून कामधंद्यासाठी मुंबईस जाणाऱ्याला पत्र्याची ट्रंक जितकी परिचित, तितकीच ती १९४७ साली सरहद्द ओलांडणाऱ्या निर्वासितालाही होती. भेद एवढाच की, पहिल्याला सणावारी गावी परतता येते. दुसऱ्याची परतीची वाट कायमची बंद झाली. अशा वेळी गाव केवळ स्मृतीत उरते आणि ‘आपण कोण?’ या प्रश्नाचे उत्तरही तेथेच शोधावे लागते. नलिनी मलानी यांच्या चित्रफीत-कलेत हा प्रश्न केंद्रस्थानी आहे.

मलानी यांचा जन्म १९४६ साली कराचीत झाला. फाळणीनंतर त्यांचे कुटुंब प्रथम कलकत्त्यास व पुढे मुंबईस आले. कराची सुटली तेव्हा त्यांचे वय काही आठवणीत राहण्याचे नव्हते. म्हणजेच फाळणीची त्यांची स्मृती ही पाहिलेली नसून वडीलधाऱ्यांकडून वारशाने आलेली आहे. मुंबईच्या सर जमशेटजी जीजीभाई कलाशाळेत त्यांनी चित्रकलेचे शिक्षण घेतले. १९६९ साली चित्रकार अकबर पदमसी यांच्या ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’मध्ये त्यांनी चित्रपटाचे माध्यम हाताळले; ‘ड्रीम हाउसेस’ ही त्यांची कृती त्या काळातली.

मे १९९८ मध्ये भारत व पाकिस्तान या दोन्ही देशांनी अणुचाचण्या केल्या. त्याच वर्षी मलानी यांनी ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ ही रचना केली. तिचे नाव सआदत हसन मंटो यांच्या कथेवरून घेतलेले आहे. दोन देशांत वेड्यांची अदलाबदल होत असता बिशन सिंग कोणत्याच देशाच्या नसलेल्या जमिनीवर कोसळतो, असा त्या कथेचा शेवट आहे.

या रचनेत पत्र्याच्या ट्रंकांमध्ये दूरचित्रवाणी-संच ठेवलेले असून त्यांवर विस्थापितांची दृश्ये दिसतात. भिंतीवर अणुस्फोटाची चित्रे उमटतात. समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया एकच साडी घडी करू पाहतात. लांब लुगड्याची नीट घडी करावयाची तर दुसरे टोक धरणारे कोणी लागते, हे घरोघरी ठाऊक आहे. येथे मात्र ती दोन टोके दोन भिंतींवर आहेत.

नेहमीच्या चित्रपटात प्रेक्षक एका पडद्यासमोर बसतो. येथे एका स्त्रीकडे पाहावे तर दुसरीकडे पाठ होते. प्रेक्षक दोघींच्या मधोमध, म्हणजे बिशन सिंगच्या त्या बेवारशी जमिनीवरच उभा असतो. स्मृती येथे केवळ दाखविली जात नाही. तिच्यात उभे राहावे लागते.

फाळणी प्रत्यक्ष पाहिलेली पिढी आता सरत आली आहे. यापुढे ती स्मृती सर्वांनाच ऐकीव असणार. ऐकीव स्मृती सहज वैराचे रूप घेते. कारण सांगणारा बहुधा एकाच बाजूचा असतो. दोन्ही टोके एकाच वेळी ध्यानात ठेवावयास लावणे, हे या प्रयोगाचे खरे कार्य होय.